उजळणीचा सिद्धांत: वारंवार विचारले जाणारे प्रश्न

हा सिद्धांत खरा आहे का?

नाही. कुठल्याही विद्यापीठात तो शिकवत नाहीत आणि कुणी शोधनिबंधही लिहिलेला नाही. ग्वाल्हेरच्या लष्कर नावाच्या भागात राहणाऱ्या आम्ही चार-पाच मराठी मंडळींनी गणपतीच्या दिवसांत, आरती आणि प्रसाद उरकल्यावर रंगलेल्या गप्पांतून तो रचला. त्यात वापरलेलं गणित मात्र खरं आहे आणि ग्वाल्हेरची उदाहरणंही खरी आहेत. भाषा, लोकांची सामायिक आठवण आणि वास्तव ही तिन्ही एकाच समीकरणात मावतात असं आम्ही गृहीत धरलंय, तेवढाच भाग कल्पित. हे गृहीत कुठवर टिकतं आणि कुठे फसतं, ते बघण्यात खरी गंमत आहे.

एका वाक्यात सांगा ना.

लोक एखादी गोष्ट जितक्या नेमाने बोलतात, तितकी ती त्यांच्या वागण्यात उतरते. वागण्याच्या खुणा गावात उरतात आणि त्या खुणा बघून लोक पुन्हा तेच बोलतात. हे चक्र फिरत फिरत एका जागी थांबतं. त्या थांबलेल्या जागेला आम्ही ‘वहिवाटीचं वास्तव’ म्हणतो.

म्हणजे नक्की काय? एखादं उदाहरण?

ग्वाल्हेर स्टेशनाबाहेर या. टेंपोवाला ‘बाडा, बाडा, बाडा’ ओरडत असतो. त्या चौकाचं रीतसर नाव जयाजी चौक. पण ‘जयाजी चौक’ म्हणालात तर टेंपोवाला क्षणभर तुमच्या तोंडाकडे बघेल आणि मग स्वतःच म्हणेल, ‘बाडा ना?’ लोक बाडा म्हणतात म्हणून टेंपो बाड्याला जातो, टेंपो बाड्याला जातो म्हणून परगावचा माणूसही बाडा म्हणायला शिकतो. पाटी काहीही म्हणो, नाव स्थिरावलं आहे.

आमचं लष्करसुद्धा असंच. १८१० च्या सुमारास दौलतराव शिंद्यांच्या फौजेचा तळ किल्ल्याच्या दक्षिणेला पडला. तळ म्हणजे मुळात उठण्यासाठीच पडलेला. तो उठलाच नाही आणि तिथे शहर वसलं. आज इथे कापडाची दुकानं आहेत, कोचिंग क्लास आहेत, चिटणीसांची गोठ म्हणजे वस्ती आहे, पण पत्ता विचारला की आम्ही ‘लष्कर’च सांगतो.

यात गणित कुठे आलं?

आठवणीच्या वजनापासून सुरुवात करू. त्याला ‘भार’ म्हणू. नुसती ठेवून दिलेली आठवण झिजते. जर्मन मानसशास्त्रज्ञ हेर्मान एबिंगहाउस याने १८८५ साली निरर्थक अक्षरगट स्वतःच पाठ करून विसरण्याचा आलेख काढला: सुरुवातीला झपाट्याने उतरणारा, पुढे मंदावणारा. आम्ही आपलं सोपं धरलं. सांगितलं नाही तर दर वर्षी भार निम्मा होतो आणि एकदा सांगितलं की त्यात १ मिळतो.

यंदाचा भार = मागच्या वर्षीचा भार ÷ २ + १

आता शून्यापासून सुरू करा: ०, १, १.५, १.७५, १.८७५... आकडा २ कडे सरकतो. १०० पासून सुरू करा: १००, ५१, २६.५, १४.२५... हाही २ कडेच येतो. कुठूनही निघालात तरी मुक्काम २. पोलिश गणिती स्तेफान बानाख याने १९२२ साली सिद्ध केलेल्या प्रमेयाचं हे सर्वांत साधं रूप. जी क्रिया दर पायरीला कुठल्याही दोन आकड्यांमधलं अंतर ठरावीक प्रमाणात कमी करते, तिला एक आणि एकच स्थिरबिंदू असतो, म्हणजे जिथे पोचल्यावर आकडा बदलत नाही अशी जागा.

यातून निघणारी एक गोष्ट आम्हाला आवडली. दर वर्षी सांगायची कथा एक वर्षाआड सांगायला लागलात, तर सांगून झाल्यावरचा भार २ वरून १ वर येत नाही, १.३३ वर थांबतो. सांगणं निम्म्यावर आलं तरी आठवणीने जेमतेम एक तृतीयांशच गमावलं. पण सांगणं साफ बंद केलंत तर दहा वर्षांत २ चा ०.००२ होतो. म्हणून गणपतीत नाटुकलं बसवायला माणसं मिळत नसतील तर ते वर्षाआड करा. बंद मात्र करू नका.

पण प्रत्येकाची आठवण वेगळी असते. गावाची आठवण एकच कशी ठरते?

हा प्रश्न सगळ्यात जास्त येतो आणि यावरच आम्ही सगळ्यात जास्त भांडलो.

ग्वाल्हेरला फूलबागेत झाशीच्या राणीची समाधी आहे. राणी १८५८ साली जून महिन्यात इथेच लढताना पडली, पण तारीख? छापील मजकुरात १७ जूनही सापडते आणि १८ जूनही. समजा एका घरात तिघं आहेत: आजी म्हणते १८, बाबा म्हणतात १७, नात म्हणते १७. सरळ मतदान घेतलं तर १७ जिंकते.

घरात मतदान कधी होतं का? घरात माणसं एकमेकांचं थोडंथोडं ऐकतात. अमेरिकन संख्याशास्त्रज्ञ मॉरिस डीग्रूट याने १९७४ साली मांडलेली रीत इथे चपखल बसते. प्रत्येक जण दर फेरीला स्वतःच्या आणि इतरांच्या मतांची भारित सरासरी काढतो. आमच्या कल्पित घरात वजनं अशी: आजी स्वतःला ०.८ आणि नातीला ०.२ देते (नातीचं ऐकते, मुलाचं नाही, हे कल्पित मानायला कुणी तयार झालं नाही). बाबा स्वतःला ०.५, आजीला ०.५. नात स्वतःला ०.५, बाबांना ०.५.

‘१८ जून’ला १ आणि ‘१७ जून’ला ० धरून फेऱ्या चालू द्या. आकडे हळूहळू एकाच जागी येतात: ५/९, म्हणजे सुमारे ०.५६. दोन विरुद्ध एक असूनही घर आजीच्या बाजूला झुकलं, कारण शेवटच्या आकड्यात आजीचं वजन ५/९ आणि बाकी दोघांचं २/९, २/९ भरतं. नातीचं ते ०.२ ऐकणंही आजीने बंद केलं तर? मग बाकी दोघं कितीही कुरकुरले तरी शेवटी सगळं घर १८ वर येतं.

लोकांच्या आठवणीत कोण उरतं याचं हे आमच्या मते सर्वांत प्रामाणिक उत्तर आहे. किती जणांना आठवतं, यापेक्षा कोण कुणाचं ऐकतं याला जास्त वजन. मॉरिस हाल्बवाक्स या फ्रेंच समाजशास्त्रज्ञाने १९२५ सालीच लिहून ठेवलं होतं की माणूस एकटा आठवत नाही, समूहाच्या चौकटीत आठवतो. त्याने आकडे दिले नव्हते, एवढंच.

पुन्हा पुन्हा बोललं की खोटंही खरं होतं, असंच ना शेवटी?

नाही. हे फॉरवर्ड करणाऱ्यांनी पुढचे दोन प्रश्नही वाचावेत.

आम्ही वास्तवाचे दोन भाग पाडतो. एक वहिवाटीचं: नावं, रस्ते, रीती, सणांचे दिवस, कुठल्या दुकानात रांग लागते. यातलं बरंच लोकांच्या बोलण्यावर आणि पाळण्यावरच उभं असतं. दुसरं मोजणीचं: देवळाची उंची, लेखातला आकडा, माणूस गेला तो दिवस. राणी एकाच दिवशी गेली. ५/९ हा त्या घराचा आकडा आहे, तिच्या मृत्यूचा नव्हे. सिद्धांत फक्त पहिल्या भागाबद्दल बोलतो. दुसऱ्यावर लावलात तर तो चुकीचंच उत्तर देणार, आणि तेही दोन दशांश स्थळांपर्यंत.

दोन्ही भाग एकमेकांत शिरतात, तिथे मात्र मजा येते. किल्ल्यावरची सास-बहूची देवळं बघा. मोठं देऊळ विष्णूचं, कच्छपघात राजा महीपालाच्या काळातलं, लेख १०९३ सालचा. ‘सास-बहू’ हे ‘सहस्रबाहू’चं बोली रूप मानलं जातं. पण किल्ल्यावर गाइड काय सांगतो? सासू विष्णूची भक्त, सून शंकराची, म्हणून दोन देवळं. शेजारी शेजारी एक मोठं आणि एक लहान देऊळ उभं असल्यावर या गोष्टीला आणखी पुरावा कशाला हवा! उदयपूरजवळ नागद्यालाही सास-बहू नावाचीच देवळांची जोडी आहे.

इंग्लंडच्या फ्रेडरिक बार्टलेटने १९३२ साली याच प्रकाराचे प्रयोग प्रसिद्ध केले. त्याने इंग्रज वाचकांना अमेरिकेतल्या मूलनिवासींची एक कथा वाचायला दिली आणि पुन्हा पुन्हा आठवून लिहायला सांगितली. दर खेपेला अनोळखी तपशील गळाले नाहीतर ओळखीचे झाले. हजार हातांचा देव रोज भेटत नाही, सासू-सून भेटतात. त्यामुळे भार कुठे जाणार हे ठरलेलंच होतं.

चतुर्भुज मंदिरातलं शून्य जगातलं पहिलं आहे ना? मग ग्वाल्हेरनेच शून्य दिलं असं म्हणायला काय हरकत?

हरकत आहे. शेजारपाजारी आम्ही अप्रिय झालो ते याच उत्तरामुळे.

किल्ल्याच्या चढावर एकाच खडकात कोरलेलं चतुर्भुज मंदिर आहे. आतल्या भिंतीवरच्या लेखात संवत ९३३ म्हणजे इसवी सन ८७६ हे साल आहे. फुलबागेसाठी दिलेल्या जमिनीचं माप २७० गुणिले १८७ हात, आणि रोज देवाला ५० माळा. २७० मधलं आणि ५० मधलं शून्य आजच्या शून्यासारखंच, बारकं आणि गोल. डोळे जवळ नेऊन बघा. शेजारच्या आकड्यांपेक्षा ते लहान काढलंय. भारतातल्या शिलालेखांमधलं, तारखेबद्दल वाद नसलेलं हे फार जुनं शून्य आहे. आमच्या गावची ही खरी श्रीमंती.

पण जगातलं पहिलं? कंबोडियातल्या एका शिलालेखात शके ६०५ म्हणजे इसवी सन ६८३ हा आकडा मधल्या शून्यासाठी ठिपका देऊन कोरलेला आहे. ग्वाल्हेरच्या लेखाहून तो जवळजवळ दोनशे वर्षांनी जुना. आपण ‘पहिलं’ हा शब्द कितीही घोकला तरी तिकडच्या दगडावरचं साल पुढे सरकणार नाही.

आणि याहून मोठी अडचण आहे. या लेखाची ख्याती अलीकडची. त्याआधीच्या काळात इथे राहणाऱ्या किती लोकांना त्यातला २७० माहीत असेल? आमच्या समीकरणाने त्याचा भार जवळजवळ शून्य येतो. तरी आकडा जागेवरच होता. म्हणून समीकरणात ‘नोंद’ नावाचं एक वेगळं पद घालावं लागलं, कुणी उच्चारलं नाही तरी न झिजणारं. ते घातलं आणि सिद्धांताची सुबकता गेली. आमच्यातल्या एका काकांना ते अजून पटलेलं नाही. ते म्हणतात, वाचणारं कुणी नसेल तर नोंद म्हणजे नुसत्या रेघा. मला हे पटत नाही, कारण वाचणारा हजार वर्षांनी आला तरी त्याला २७०च मिळाला, २६९ नाही.

लिहून न ठेवता आठवण बिनचूक राहू शकते का?

राहते, पण त्यासाठी शिस्त लागते. वेदपाठाची घनपाठ ही रीत बघा. पहिल्या तीन शब्दांना १, २, ३ म्हटलं तर म्हणायचा क्रम: १-२, २-१, १-२-३, ३-२-१, १-२-३. मग एक शब्द पुढे सरकून पुन्हा तेच. मधला कुठलाही शब्द या रीतीत १३ वेळा येतो, तोही सुलट-उलट अशा वेगवेगळ्या शेजारात. एक अक्षर घसरलं तर बाकीच्या ठिकाणी लगेच खटकतं. संगणकाच्या संदेशातली चूक पकडायला आणि दुरुस्त करायला रिचर्ड हॅमिंगने १९५० साली मांडलेल्या संकेतांचं मर्मही हेच: मुद्दाम जास्तीचं पाठवायचं, पण ठरलेल्या रचनेत.

नुसती पुनरुक्ती आणि रचनेतली पुनरुक्ती यांतला फरक आमच्या सिद्धांतात आधी नव्हता. सासू-सुनेची गोष्टही शेकडो वेळा सांगितली गेली, पण तिला तपासणारा दुसरा पाठ नव्हता. लिखाणालाही हे चुकत नाही. नकला उतरवणाऱ्यांच्या हातून ज्ञानेश्वरीत पाठभेद शिरले, तेव्हा एकनाथांनी शके १५०६ मध्ये, म्हणजे १५८४ साली, पोथ्या पडताळून शुद्ध प्रत तयार केली आणि पुढे कुणी पदरच्या ओव्या घालू नयेत अशी ताकीदही देऊन ठेवली.

मंडेला इफेक्ट म्हणजे हेच का?

थोडंसं. नेल्सन मंडेला १९९० साली तुरुंगातून सुटले आणि २०१३ साली वारले. ऐंशीच्या दशकातच ते तुरुंगात वारले असं आठवणारी पुष्कळ माणसं निघाली, म्हणून ते नाव पडलं. समांतर विश्व वगैरे मानायची गरज नाही. बार्टलेट पुरतो.

हे सगळं भर्तृहरीने आधीच सांगितलं नव्हतं का?

हा प्रश्न येणार हे ठाऊकच होतं. भर्तृहरी या प्राचीन व्याकरणकाराने शब्द आणि जग यांचं नातं फार खोल नेलं. त्याच्याकडे शब्दतत्त्वातूनच जग उलगडतं. पण तो मोजत नव्हता, आणि मोजायचं म्हणतही नव्हता. त्याला आमच्या बाजूने साक्षीला उभं करणं म्हणजे त्याच्यावर अन्याय. आमचा दावा जगाएवढा नाही, बाड्याएवढा आहे.

एकच गोष्ट सारखी ऐकली की कंटाळा येतो. कंटाळ्याचं काय?

कंटाळ्याचं समीकरण तयार आहे! क्लॉड शॅननने १९४८ साली माहिती मोजायची रीत दिली: जे घडण्याची शक्यता जास्त, ते घडल्याच्या बातमीत माहिती कमी. दोनांत एक शक्यता असेल तर १ बिट (बिट हे माहितीचं माप), आठांत एक असेल तर ३ बिट, आणि खात्रीच असेल तर शून्य. आजोबा राणीची गोष्ट सुरू करतात तेव्हा पुढचं वाक्य तुम्हाला पाठ असतं, म्हणून माहिती शून्याच्या जवळ. भार मात्र वाढत असतो. वहिवाट मुरते ती नेमकी अशाच, नवीन काही न सांगणाऱ्या बोलण्यातून. म्हणून नातवंडं कंटाळली तर काळजी नको. तो हिशोब जुळत असल्याचा पुरावा आहे.

तानसेनच्या चिंचेबद्दल सिद्धांत काय म्हणतो?

तानसेनच्या समाधीजवळच्या चिंचेचा पाला चावला की गळा गोड होतो असं म्हणतात. गाणारी माणसं लांबून येतात आणि पाला तोडतात. इथे चक्र उलटं फिरतं: बोलणं जितकं वाढेल तितका पाला कमी. समीकरणात उणे चिन्ह येतं. मूळ झाड राहिलं नाही, आज आहे ते नंतरचं, पण म्हणणं आणि चावणं तसंच चालू आहे. आठवणीने वस्तू संपवली आणि तिच्या जागी तीच वस्तू पुन्हा उभी केली. आमच्या वर्गीकरणात हे कुठे बसवायचं यावर अजून एकमत नाही. पाला आम्ही सगळ्यांनी चावून पाहिलाय. आंबट लागतो.

आपल्या ग्वाल्हेरच्या मराठीचं भविष्य यातून सांगता येईल का?

यासाठी कल्पित काही लागत नाही. डॅनियल एब्रम्स आणि स्टीव्हन स्ट्रोगॅट्झ यांनी २००३ साली दोन भाषांच्या चढाओढीचं गणित मांडलं आणि वेल्श, स्कॉटिश गेलिक, केचुआ यांच्या घसरणीशी ताडून पाहिलं. भाषेची ओढ दोन गोष्टींवर: तिची प्रतिष्ठा आणि बोलणाऱ्यांचं प्रमाण. प्रमाणावर त्यांना १.३१ च्या आसपासचा घातांक मिळाला. १ पेक्षा जास्त असलेला हा घातांक फार निर्दयी आहे. गल्लीत दहातली तीन घरं मराठी आणि सात हिंदी असतील, तर संख्या २.३३ पट, पण ओढ, प्रतिष्ठा सारखी धरली तरी, सुमारे तिप्पट. त्या गणितात दोन भाषा शेजारी शेजारी टिकत नाहीत, एक जाते.

त्यात एक मोठी उणीव होती: दोन्ही भाषा बोलणारा माणूसच धरलेला नव्हता. लष्करात तर एकच भाषा बोलणारं मराठी माणूस सापडणं कठीण. सकाळी आईशी ‘चहा ठेव गं’, दारात भाजीवाल्याशी ‘भैया, सही लगाओ’ आणि फोनवर बहिणीशी ‘मी बाजारात येऊन राहिले’. होर्हे मीरा आणि आंखेल पारेदेस यांनी २००५ साली गॅलिशियन आणि स्पॅनिश घेऊन गणितात दुभाषी माणसं घातली. निष्कर्ष बदलला: दोन भाषा पुरेशा जवळच्या असतील तर दुभाषी समाज स्थिर राहू शकतो. मराठी-हिंदी जवळच्या आहेत हे पुण्याच्या पाहुण्यांना खटकतं खरं, ‘तुमच्या मराठीत हिंदी फार’ म्हणून नाक मुरडतात. या गणितानुसार ती जवळीकच आम्हाला तारून नेऊ शकते. आत्याबाईंनी लग्नात पुण्याच्या व्याह्यांना हे ऐकवलं. त्यांनी घातांक विचारला नाही.

घरी करून बघता येईल असं काही?

येईल. घरातली एक जुनी गोष्ट निवडा, जिचा कागद हाताशी आहे: खरेदीखत, लग्नपत्रिका, शाळेचा दाखला, काहीही. कागद न दाखवता घरातल्या प्रत्येकाकडून साल आणि तपशील वेगवेगळे लिहून घ्या. एकमेकांसमोर विचारू नका, नाहीतर डीग्रूटच्या फेऱ्या तिथेच सुरू होतील. मग सगळ्यांना एकत्र बसवून गप्पा होऊ द्या आणि आठवड्याने पुन्हा वेगवेगळं विचारा. कुणाचं उत्तर कुणाकडे सरकलं ते मांडा, की घरातली वजनं कळतात. कागद शेवटी काढा. आणि आजींना काढायला सांगा, त्यांच्या हातून निघाला तर भांडण कमी होतं.

परीक्षेला येईल का?

नाही.

सिद्धांत खोटा ठरवायचा असेल तर काय दाखवावं लागेल?

असं एखादं नाव किंवा रीत दाखवा, जी कुणी बोलत नाही, कुठे लिहिलेली नाही, कुणी पाळायला भाग पाडत नाही आणि तरी पिढ्यान्‌पिढ्या तशीच चालू आहे. आमच्या काकांनी एक सुचवली होती: पंगतीत मीठ पानात डावीकडेच का वाढतात हे कधी कुणी सांगितलं नाही, तरी सगळे तसंच वाढतात. त्यावर दोन संध्याकाळी गेल्या. मग काकूंनी आठवण करून दिली की लहानपणी उजवीकडे वाढल्याबद्दल काकांनी दोनदा ओरडा खाल्ला होता, हे त्यांनी सासूबाईंकडूनच ऐकलंय. उदाहरण बाद झालं. जागा अजून रिकामी आहे.